निवेदन लिहिताना कोणाचा दाखला द्यावा: मेर्कुरी की जिल?

तालुक्याचं भारूड मंडळ असो की जुन्या बारवा साफ करणारी पोरं, निवेदन घेऊन निघालं की पहिली अडचण एकच: नेमकं मागायचं काय? ‘कलावंतांना न्याय द्या’ एवढ्यावर फाइल हलत नाही. कलावंत असून देशाचे सांस्कृतिक मंत्री झालेले दोघे इथं कामाला येतात.

मेलिना मेर्कुरी या ग्रीसच्या अभिनेत्री. लष्करी राजवटीनं त्यांचं नागरिकत्व काढून घेतलं होतं. १९८१ मध्ये त्या मंत्री झाल्या. त्यांचा भर वारशावर आणि देशाच्या नावावर. अथेन्सच्या प्राचीन पार्थेनॉन मंदिराची शिल्पं लंडनहून परत द्या, ही मागणी त्यांनी १९८२ मध्ये युनेस्कोच्या परिषदेत मांडली. युरोपची सांस्कृतिक राजधानी ही कल्पनाही त्यांचीच. १९८५ मध्ये पहिला मान अथेन्सला. शिल्पं अजून लंडनलाच आहेत, पण प्रश्न विझलेला नाही.

जिल्बेर्तो जिल हे ब्राझीलचे गायक. हुकूमशाहीत तुरुंग आणि लंडनचा वनवास भोगून आलेले. २००३ ते २००८ मंत्री, आणि मंत्री असतानाही गाण्याचे कार्यक्रम करत राहिले (आपल्याकडे यावरून केवढा गदारोळ झाला असता!). २००४ च्या त्यांच्या योजनेत नवं काही उभारायचं नव्हतं. वस्तीत, आदिवासी गावात, कापोएरा या नाचासारख्या ब्राझिली लढतकलेच्या आखाड्यात जे आधीच चालू आहे ते निवडायचं, तीन वर्षांत मिळून साधारण १ लाख ८५ हजार रेआल (ब्राझीलचं चलन) द्यायचे, सोबत रेकॉर्डिंगचं सामान आणि मोफत सॉफ्टवेअरचे संगणक. म्हणजे आपला कार्यक्रम आपणच चित्रित करायचा.

आपल्याकडे नेमकं उलट होतं. निधी आला की सभामंडप. उद्घाटनाची कोनशिला बसते, पुढच्या उन्हाळ्यात आत कडब्याच्या पेंढ्या. आणि गोंधळी मात्र संबळाचं कातडं बदलायला उसनवारी करतो. म्हणून भारूड, गोंधळ, जलसा करणाऱ्यांनी डोळे झाकून जिल यांचा दाखला द्यावा.

धाराशिव जिल्ह्यातल्या तेरकरांचं वेगळं. ग्रीक व्यापाऱ्यांच्या जुन्या नोंदीत ‘तगर’ म्हणून आलेलं हे गाव; तिथल्या वस्तू, संग्रहालय, उत्खनन यांसाठी भांडायचं तर मेर्कुरीच बऱ्या. पैठणकरांना दोघेही चालतील, पण एका निवेदनात दोन्ही मागण्या कोंबू नयेत.

जिल यांच्या योजनेचं दुखणंही माहीत असू द्या. हप्ते रखडले, आणि खेड्यातल्या मंडळांचा हिशेबाच्या कागदांनी जीव काढला. पुढे २०१४ मध्ये कायदा करून प्रक्रिया सोपी करावी लागली. तेव्हा निवेदनात रकमेच्या आधी हे लिहा: हिशेब एका पानात, हप्ता ठरल्या महिन्यात, आणि जत्रेतल्या खर्चाला जीएसटीचं बिल मागू नये.