नौपाड्यातील पीटर लोरे चित्रपटमालिका: निवड उत्तम, सभागृह बेताचे

ठाण्यात नौपाड्यातील एका छोट्या चित्रपट मंडळाने चरित्र अभिनेता पीटर लोरे याच्या कारकिर्दीवर भरवलेली तीन चित्रपटांची मालिका सभासद शुल्काच्या मानाने फारच मोलाची ठरली. आरंभ अर्थातच दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांच्या १९३१ मधील ‘एम’ने झाला. बालहत्या करणाऱ्याच्या भूमिकेतील लोरे बराच काळ सावली आणि शीळ यांतूनच जाणवतो (शीळ मात्र स्वतः लांग यांची), आणि अखेरीस गुन्हेगारांनी भरवलेल्या न्यायसभेत तो स्वतःची बाजू मांडू लागतो तेव्हा प्रेक्षकाला किळस आणि करुणा यांतून एकाची निवड करणे अशक्य होते. त्याच वर्षी तो बर्लिनच्या रंगभूमीवर जर्मन नाटककार ब्रेख्तच्या ‘मान इस्ट मान’ या नाटकामध्येही काम करत होता, ही माहिती मंडळाच्या पत्रकात आवर्जून दिली आहे.

नाझी सत्तेवर आल्यावर, ज्यू असल्यामुळे १९३३ मध्ये लोरेला जर्मनी सोडावी लागली. हॉलिवूडपर्वासाठी निवडलेला ‘द माल्टीज फाल्कन’ रंजक असला, तरी तो सहज उपलब्ध असल्याने ती जागा काहीशी वाया गेली. याउलट ‘डेअर फेरलोरेने’ दाखवल्याबद्दल आयोजकांचे आभार मानावेत तेवढे थोडे. जर्मनीत परतून १९५१ मध्ये त्याने दिग्दर्शित केलेला हा एकमेव चित्रपट तिथल्या प्रेक्षकांनी नाकारला होता.

सभागृहाला उतार नसल्याने मागच्या रांगांतून इंग्रजी उपशीर्षके दिसत नाहीत, तेव्हा लवकर जाऊन पुढे बसावे.