मागाच्या पिक-काउंटरसाठी कोणता प्रोसेसर: एव्हीआर, आर्म की रिस्क-फाइव्ह?

सोलापूरच्या अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या टॉवेलच्या कारखान्यात पिक-काउंटर (मागाने टाकलेले आडवे धागे, म्हणजे पिका, मोजणारं यंत्र) बसवायचाय आणि बोर्डावर घोडं अडलंय? मग वेगाचा विचार आधी सोडा. साधा माग मिनिटाला १२० पिका टाकतो असं धरलं, तर सेकंदाला दोन पल्स, म्हणजे मोजायचे विजेचे ठोके. त्यासाठी १६ मेगाहर्ट्झचा एव्हीआरही बहुतेक वेळ रिकामाच बसतो.

खरी कसोटी लाइट गेल्यावर. पाळीच्या मध्येच आकडा शून्यावर आला, की मजुरीवरून वाद ठरलेला.

आर्डुइनो उनोवरच्या एव्हीआरमध्ये, म्हणजे एटीमेगा ३२८पीमध्ये, १ केबी ईईप्रॉम (लाइट गेली तरी टिकणारी मेमरी) असतो. आकडा त्यात ठेवायचा, हे पहिल्यांदा सगळ्यांनाच सुचतं. पण एका जागी साधारण १ लाख वेळाच लिहिता येतं. प्रत्येक पिकेला लिहायला गेलात तर १४ तासांच्या आत ती मर्यादा संपते! जागा बदलत लिहायचं किंवा बाहेरून एफ-रॅम जोडायची, म्हणजे लाइट गेली तरी टिकणारी आणि लिहून सहसा न झिजणारी मेमरी. बाकी हा गडी दणकट. ५ व्होल्टवर चालतो, त्यामुळे मोटारींच्या विजेच्या गोंगाटात ३.३ व्होल्टवाल्यांपेक्षा कमी बिचकतो. रॅम मात्र २ केबीच.

आर्म कॉर्टेक्स-एम३ गटातला एसटीएम३२एफ१०३ मला या कामाला सगळ्यात पटतो, आणि कारण आर्म हे नाहीच. त्याला व्हीबॅट नावाची वेगळी पिन आहे. तिथे बटण-सेल लावला की आतली २० बाइट बॅकअप रजिस्टरं (आकडे ठेवायच्या छोट्या जागा) लाइट गेली तरी शाबूत राहतात, आणि कितीही वेळा लिहिलं तरी झिजत नाहीत. आकड्याला चार बाइट पुरतात. बऱ्याचशा पिना ५ व्होल्टही सोसतात. फक्त स्वस्त बोर्डांवर नक्कल चिप सर्रास येते, तेव्हा खरेदी नीट बघून करा.

रिस्क-फाइव्हचा सूचनासंच (प्रोसेसरला कळणाऱ्या आदेशांचा संच) खुला आहे, त्याला परवाना शुल्क नाही. आयआयटी मद्रासचा शक्ती आणि सी-डॅकचा वेगा हे भारतीय प्रोसेसर त्यावरच उभे आहेत. ते कौतुक खरं, पण शुल्क वाचतं चिप बनवणाऱ्याचं. बोर्ड घेणाऱ्याला त्याचं काय? या गटातला ईएसपी३२-सी३ घ्यायचा तो वायफायसाठी. सगळ्या मागांचे आकडे ऑफिसातल्या कॉम्प्युटरवर हवे असतील तर याला तोड नाही. पण व्हीबॅट नाही, पिना ३.३ व्होल्टच्याच, आणि लोखंडी डब्यात बसवलात तर सिग्नल बाहेरच पडत नाही.

उन्हाळ्याची फार धास्ती नको. तिघांचेही औद्योगिक प्रकार ८५ अंशांपर्यंत चालतात. कापसाचे तंतू शिरू नयेत म्हणून डबा बंद हवा, एवढंच.

पाच-दहा माग आणि जागेवरच डिस्प्ले, तर एसटीएम३२. आकडे ऑफिसात पाठवायचे, तर सी३ आणि सोबत एफ-रॅम. हातात घेऊन आकडे बघायला वेगळं यंत्र करत बसू नका. खिशातला अँड्रॉइड फोन पुरेसा आहे, आणि त्यातही बहुतेक आर्मच असतो.