मिठी नदीची टूर: वर्थ आहे, पण आधी हे वाचा

मी कुर्ल्यात वाढलोय, बैलबाजाराच्या बाजूला. आमच्या घरात कुणीच मिठीला नदी म्हणायचं नाही, नालाच. त्यामुळे नाल्याच्या टूरला माणशी 700 रुपये म्हटल्यावर आई हसलीच. तरी गेलो, तिला पण नेलं.

सकाळी साडेसातला पवई तलावावर जमायचं होतं, बस पाऊण तास लेट. बुकिंगच्या मेसेजमध्ये 'विहार दर्शन' लिहिलेलं, तिथे पब्लिकला एंट्रीच नाहीये हे पवईला पोचल्यावर कळलं, हे आधी सांगायला काय जातं? विहार तलाव 1860 च्या सुमारासचा, शहराला प्यायला पाणी पाहिजे म्हणून बांधलेला, पवई त्याच्यानंतर 1891 चा. या दोन्ही तलावांचं ओव्हरफ्लो मिळून आपली मिठी, तिथून माहीमच्या खाडीपर्यंत जेमतेम 18 किमी.

गाईड पोरगा हुशार होता. नकाशा उघडून त्याने एअरपोर्टजवळची वळणं दाखवली, नदी अशी काटकोनात वळवलीये की पाण्याने जायचं तरी कुठून, आणि वर रनवे. मग 26 जुलै 2005. सांताक्रूझला 24 तासांत 944 मिमी पाऊस आणि कुलाब्याला फक्त 73, हे ऐकून आई एकदम बोलायला लागली, त्या रात्री आम्ही कुठे कसे बसलो वगैरे, आणि सगळी बस गाईडला सोडून तिचंच ऐकत बसली. त्याने पण थांबवलं नाही, त्याचा एक स्टार जास्त. बीकेसी, म्हणजे वांद्रे-कुर्ला संकुल, मात्र खिडकीतूनच, दोन मिनिटांत. नदीकाठची दलदल आणि खारफुटी भरून जे सगळ्यात मोठं काम झालं तिथेच बस थांबली नाही, ट्रॅफिक म्हणे.

सगळ्यात भारी स्टॉप म्हणजे धारावीचा काळा किल्ला. डेपोच्या मागे, कचरा, झाडं उगवलेल्या भिंती, आणि त्यात इंग्रजांची पाटी, गव्हर्नर जॉन हॉर्न, 1737. आता गंमत बघा, त्याच वर्षी मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून ठाणे शहर घेतलं, 1739 ला चिमाजी अप्पांनी वसई. म्हणजे नदीच्या अलीकडे इंग्रज, पलीकडे साष्टी बेटावर मराठे, आणि मधली बॉर्डर म्हणजे आमचा नाला! शाळेत वसईची मोहीम पाठ केली पण हे कुणी सांगितलं नव्हतं. इथे अर्धा तास तरी हवा होता, मिळाली दहा मिनिटं.

माहीम कॉजवेवर पटकन उरकलं. पूर्वी माहीमहून वांद्र्याला होडीने जावं लागायचं, लेडी जमशेटजींनी (सर जमशेटजी जीजीभॉय यांच्या पत्नी) सुमारे दीड लाख रुपये दिले म्हणून 1840 च्या दशकात रस्ता झाला, आणि अट काय तर टोल घ्यायचा नाही. बसमध्ये यावर सगळ्यात मोठा हशा.

शेवटी निसर्ग उद्यान, एकेकाळचं डंपिंग ग्राउंड, आता गार सावली. चहा आणि बटाटेवडा तिकिटातच, वडा गरम होता.

पाचपैकी साडेतीन. पावसाळा संपल्यावर लगेच जा, उन्हाळ्यात वास सहन होणार नाही. चपला नको, बूट घाला, किल्ल्यापाशी काचा आहेत. आणि वॉशरूम पवईलाच उरकून घ्या, मध्ये कुठे सोय नाही.