युद्ध, शांती आणि ख्रिस्ती विवेक : आठ आठवड्यांच्या एका अभ्यासवर्गाचे परीक्षण

ख्रिस्ती धर्म युद्धाविषयी काय सांगतो, या प्रश्नाचे एका वाक्यात उत्तर देणारी माणसे दोन्ही बाजूंना भरपूर भेटतात. एकाला येशूच्या डोंगरावरील प्रवचनातली दुसरा गाल पुढे करण्याची शिकवण पुरेशी वाटते, तर दुसऱ्याला बायबलमधल्या रोमकरांस पत्राच्या 13 व्या अध्यायातली अधिकाऱ्याच्या हातची तलवार. मी स्वतः बरीच वर्षे पहिल्या बाजूने बोलत आले आहे आणि दुसऱ्या बाजूच्या माणसांचे म्हणणे फारसे मनावर न घेता बोलत आले आहे. एका ख्रिस्ती अभ्याससंस्थेने दूरस्थ पद्धतीने चालवलेल्या या वर्गाला मी नाव नोंदवले, ते माझे मत पक्के करून घ्यायला. तसे झाले नाही, आणि त्याबद्दल मी शिक्षकांची मनापासून ऋणी आहे.

वर्गाची रीत साधी होती. आठवड्याला दोन व्याख्याने आणि एक चर्चा, आणि प्रत्येक व्याख्यानाच्या आधी मूळ उतारा वाचून येण्याची सक्ती. पहिल्या आठवड्यात लूकच्या शुभवर्तमानातला तो प्रसंग घेतला, जिथे शिपाई बाप्तिस्मा करणाऱ्या योहानाला विचारतात, आम्ही काय करावे? योहान त्यांना शिपाईगिरी सोडायला सांगत नाही; कोणाला धाक घालून पैसे उकळू नका, आपल्या पगारात समाधान माना, एवढेच सांगतो. त्याच्या शेजारी शिक्षकांनी मत्तयाच्या 26 व्या अध्यायातला, तलवार परत म्यानात घाल म्हणणारा येशू ठेवला आणि दोन्ही उतारे एकमेकांना खोडतात की काय, हा प्रश्न तब्बल तासभर तसाच उघडा ठेवला. निष्कर्षाची घाई न करणारा असा शिक्षक मला क्वचितच भेटला आहे.

दुसऱ्या आठवड्यातल्या मॅक्सिमिलियनच्या खटल्याच्या वाचनासाठी मी हा वर्ग पुन्हा करीन. इ.स. 295 मध्ये उत्तर आफ्रिकेतल्या थेवेस्ते येथे 21 वर्षांच्या या तरुणाला सैन्यभरतीसाठी प्रोकॉन्सल म्हणजे रोमन प्रांताधिकारी डायनसमोर उभे केले गेले. मी ख्रिस्ती आहे, मला सैनिक होता येणार नाही, असे तो सांगत असतानाच त्याची उंची मोजली जाते आणि आकडा मोठ्याने पुकारला जातो : पाच फूट दहा इंच. गळ्यात घालायचा शिशाचा शिक्का तो नाकारतो. डायन काही राक्षस नाही. तो समजुतीने विचारतो की बादशहांच्या खास पथकांतही ख्रिस्ती सैनिक चाकरी करतातच, मग तुलाच काय अडचण आहे? त्यांच्यासाठी काय योग्य ते त्यांना ठाऊक, मला वाईट करता येत नाही, असे मॅक्सिमिलियन उत्तरतो. चाकरी करणारे काय वाईट करतात, असे डायनने विचारल्यावर तो म्हणतो, ते काय करतात हे तुम्हाला ठाऊकच आहे. देहदंड ऐकल्यावर तो वडिलांना सांगतो की माझ्या भरतीसाठी तुम्ही शिवून घेतलेला नवा पोशाख या जल्लादाला देऊन टाका. एवढ्या छोट्या नोंदीत त्या काळच्या मंडळीतली, म्हणजे चर्चमधली, फूट स्पष्ट दिसते. टर्टुलियन आणि ओरिजेन हे आरंभीचे ख्रिस्ती लेखक सैन्यसेवेच्या विरोधात लिहून गेले असले तरी सैन्यात ख्रिस्ती माणसे होतीच, ही गोष्ट शिक्षकांनी सांगण्याआधीच त्या प्रोकॉन्सलच्या तोंडून आम्हाला कळली होती.

न्याय्य युद्धाचा आठवडा मला सर्वांत जड गेला. ऑगस्टीन आणि थॉमस अक्विनास या ख्रिस्ती तत्त्वचिंतकांनी युद्धाला परवानगी दिली, अशीच माझी समजूत होती. शिक्षकांनी अक्विनासच्या तीन अटी, म्हणजे योग्य सत्ता, योग्य कारण आणि योग्य हेतू, फळ्यावर लिहिल्या आणि आम्हाला प्रत्येकाला इतिहासातले एकेक युद्ध देऊन त्या अटींवर तपासायला लावले. मला 1095 साली फ्रान्समधल्या क्लेरमाँ येथे पुकारलेले धर्मयुद्ध (क्रुसेड) मिळाले. तिसऱ्या अटीपाशी मी अडले, कारण जेरुसलेम 1099 मध्ये पडल्यावर झालेल्या कत्तलीला कोणता हेतू लावायचा, हे मला कळेना. हे तत्त्व गांभीर्याने घेतले तर बहुतेक युद्धांची वाट ते अडवते. ते सोयीने वापरणाऱ्यांचा दोष मी इतकी वर्षे तत्त्वाच्याच माथी मारत होते.

यानंतर मात्र वर्गाची पकड सैल होते. तलवार नाकारणाऱ्या अॅनाबॅप्टिस्ट पंथाच्या 1527 च्या श्लाइटहाइम श्रद्धा-जाहीरनाम्यावरचे व्याख्यान नेटके होते, आणि पाठलाग करणारा बर्फ फुटून पाण्यात पडल्यावर त्याला वाचवायला मागे फिरलेला, त्यामुळेच पकडला जाऊन 1569 मध्ये जाळला गेलेला त्याच पंथाचा डर्क विलेम्स कोणाच्याही लक्षात राहील. पण पाचव्या आठवड्यात एक तक्ता दिला गेला, ज्यात शांतिवादी, न्याय्य युद्धवादी आणि धर्मयुद्धवादी असे तीन रकाने होते आणि प्रत्येक पंथ कुठल्या तरी रकान्यात बसवला होता. त्या तक्त्याने चर्चा बिघडवली. क्वेकर म्हटले की पहिला रकाना, लूथरपंथी म्हटले की दुसरा, असे सगळे जण बोलू लागले आणि माणसे नजरेआड झाली. विसावे शतक तर एकाच व्याख्यानात उरकले. हिटलरच्या सैन्यात लढायला नकार देऊन 9 ऑगस्ट 1943 रोजी देहदंड स्वीकारणारा ऑस्ट्रियन शेतकरी फ्रान्झ येगरश्टेटर तीन मिनिटांत संपला. शुश्रूषा पथकात काम करायची त्याची तयारी होती आणि बिशपनेही त्याला घराच्या जबाबदारीची आठवण करून दिली होती, हे सांगितलेच गेले नाही. त्याच्या एकटेपणाचे वजन नेमके तिथे आहे.

माझी खरी तक्रार मात्र वेगळी आहे. संपूर्ण वर्ग एकाच प्रश्नाभोवती फिरला : ख्रिस्ती माणसाने युद्धात लढावे की लढू नये? लढून परत आलेल्या माणसाचे मंडळीने काय करायचे, हा तितकाच जुना प्रश्न अर्ध्या वाक्यात निघून गेला. चौथ्या शतकात कैसरियाचा बिशप बासिल आपल्या 13 व्या नियमात म्हणतो की युद्धातल्या हत्येला पूर्वजांनी खून मानले नाही, तरी ज्यांचे हात शुद्ध नाहीत त्यांनी तीन वर्षे प्रभुभोजनापासून दूर राहणे बरे. नॉर्मनांनी इंग्लंड जिंकले त्या 1066 च्या हेस्टिंग्जच्या लढाईला पोपचा पाठिंबा असूनही, नंतर नॉर्मन बिशपांनी जिंकलेल्या सैनिकांना मारलेल्या प्रत्येक माणसामागे एक वर्षाचे प्रायश्चित्त सांगितले, आणि आपण किती मारले हे ज्याला ठाऊक नसेल त्याने आयुष्यभर आठवड्यातून एक दिवस प्रायश्चित्ताचा पाळावा, असे ठरवले. किती मारले हे ठाऊक नसलेल्या माणसाचा विचार करून कोणी तरी नियम लिहिला, हे वाचून मी बराच वेळ पुढचे पान उलटू शकले नाही. तक्त्याच्या कुठल्याच रकान्यात न बसणारी ही परंपरा युद्धाला कधी कधी अटळ मानते, पण स्वच्छ कधीच मानत नाही. आमच्या गटात सैन्यातून निवृत्त झालेले एक गृहस्थ होते. सात आठवडे ते जवळजवळ गप्प होते. बासिलचा नियम मी चर्चेत वाचून दाखवला, त्या दिवशी ते पहिल्यांदा सलग दहा मिनिटे बोलले. त्यांचे बोलणे इथे लिहिण्याचा मला अधिकार नाही.

व्यवस्थेबद्दल थोडक्यात सांगते. व्याख्यानांची ध्वनिमुद्रणे वेळेवर मिळतात आणि ती स्पष्ट आहेत. उताऱ्यांच्या प्रती मात्र काही ठिकाणी इतक्या पुसट आहेत की ऑगस्टीनने सेनापती बोनिफेसला लिहिलेले पत्र मला दुसरीकडून मिळवून वाचावे लागले. स्वाध्याय तपासून येतात, पण शेरा बहुधा एका ओळीचा असतो. तीन पाने मन लावून लिहिणाऱ्याची त्याने निराशा होते. चर्चेचा गट 12 जणांचा ठेवला आहे, तो आकडा योग्य आहे आणि त्यांनी तो वाढवू नये.

पाळकांनी, धर्मशिक्षण देणाऱ्यांनी आणि घरात कोणी सैन्यात असलेल्या विश्वासणाऱ्यांनी हा वर्ग जरूर करावा; बायबलची ओळख नसलेल्याला पहिले दोन आठवडे जड जातील. अभिप्रायाच्या अर्जात मी तक्ता काढून टाकण्याची आणि प्रायश्चित्तासाठी एक पूर्ण आठवडा देण्याची विनंती केली आहे. तक्त्याबद्दल उत्तर आलेले नाही, पण बासिलचा नियम पुढच्या तुकडीच्या उताऱ्यांत घेतला जाईल, असे शिक्षकांनी कळवले आहे.