भूतकाळ दाखवणारी दुर्बीण घेऊन कोणी आलं तर एक रुपया देण्याआधी हे वाचा

माझ्या सख्ख्या काकांचे रिटायरमेंटचे पैसे एका पितळी नळीपायी गेलेत. त्यांना विचारूनच हे लिहितोय, कारण तसलीच माणसं आमच्या तालुक्यात अजून फिरतायत आणि ज्यांचे गेले ते लाजेपोटी बोलत नाहीत.

राईस पुलर बहुतेकांनी ऐकलं असेल, तांदूळ ओढून घेणारं तांब्याचं भांडं कोट्यवधीला जाणार असं सांगून टेस्टिंगच्या नावाखाली पैसे उकळतात तो प्रकार. हे त्याच जातीचं आहे, फक्त भांड्याच्या जागी दुर्बीण. तिला ते 'कालदर्शी' म्हणतात. कुठल्यातरी संस्थानिकाच्या वाड्यात सापडली, अंगावर ईस्ट इंडिया कंपनीचा शिक्का, १८१८ साल कोरलेलं, आणि डोळा लावला की म्हणे त्या जागेचा भूतकाळ दिसतो. मुख्य गोष्ट ही की ते ती तुम्हाला विकत नाहीत. विकत घेणारी परदेशी पार्टी तयार आहे, दोनशे कोटी देतेय, पण आधी शास्त्रज्ञाकडून टेस्टिंग व्हायला लागतं आणि त्याचा खर्च जो उचलेल त्याला वाटा मिळणार, असं सांगतात. समोरच्याला वाटतं आपण काही विकत घेतच नाहीये मग फसणार कसे.

काका भोळे नाहीत हो. आयुष्यभर शाळेत भूगोल शिकवला त्यांनी. त्यांना पटलं कारण सांगितलं त्यातलं अर्धं खरं होतं. दुर्बिणीतून आपण जुनाच उजेड बघतो हे खरंच आहे, सूर्याचा उजेड पोचायला साधारण ८ मिनिटं २० सेकंद लागतात आणि देवयानी दीर्घिकेचा (अँड्रोमेडा गॅलेक्सी) तर सुमारे २५ लाख वर्षं. त्या माणसानं हेच सगळं नीट, पाठ केल्यासारखं सांगितलं आणि मग हळूच म्हणाला की ही नळी तेच काम जमिनीवर करते. इथेच खोट आहे. आभाळातला उजेड जुना असतो कारण तो लांबून येतो. समोरच्या वाड्यावरून शंभर वर्षांपूर्वी जो उजेड निघाला तो सेकंदाला ३ लाख किलोमीटरनं कधीच निघून गेला, आज तो शंभर प्रकाशवर्षं लांब आहे, आणि त्याला मागून जाऊन गाठणं कुठल्याच भिंगाला शक्य नाही.

पुरावा म्हणून मोबाईलवर एक व्हिडिओ दाखवला, इटलीच्या पेल्लेग्रिनो एर्नेत्ती नावाच्या धर्मगुरूचा. भूतकाळ दाखवणारं यंत्र आपण शास्त्रज्ञांबरोबर बनवलं असा त्यांचा दावा १९७२ मध्ये तिकडच्या एका साप्ताहिकात छापून आला होता, सोबत येशूच्या चेहऱ्याचा फोटो. हे झालं होतं हे खरं. पण तो चेहरा कोल्लेवालेन्झा गावातल्या चर्चमधल्या मूर्तीच्या पोस्टकार्डाशी जुळला, हे व्हिडिओत कुठेच नव्हतं. यंत्र तर आजतागायत कोणी बघितलेलं नाही.

तरीपण काकांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघितलं होतं ना, नळीला डोळा लावल्यावर जुना वाडा, पागोटी घातलेली माणसं, सगळं. म्हणून ते शेवटपर्यंत ऐकेनात. ती माणसं गायब झाल्यावर नळीचा सील केलेला डबा आमच्याकडेच राहिला ('उघडला तर रेडिएशन होईल' अशी भीती घालून ठेवलेला), तो पोलिसांसमोर उघडला तेव्हा कळलं. जत्रेत ते छोटं लॉकेट मिळतं बघा, भोकाला डोळा लावला की आत देव दिसतो, तीच करामत. काचेची छोटी कांडी असते, एक टोक फुगीर आणि दुसरं सपाट, सपाट टोकाला टाचणीच्या डोक्याएवढा पारदर्शक फोटो चिकटवलेला. फुगीर टोक भिंगाचं काम करतं आणि त्याचा फोकस बरोबर त्या फोटोवर पडतो म्हणून एवढासा फोटो भला मोठा दिसतो. फ्रान्सच्या रेने दाग्रोननं १८५९ मध्ये याचं पेटंटसुद्धा घेतलं होतं. म्हणजे ही विद्या दीडशे वर्षांहून जुनी आहे. तुमच्या हातात अशी नळी आली तर आधी ती आभाळाकडे फिरवा, मग भिंतीकडे फिरवा. चित्र तेच राहिलं तर फोटो आत आहे. काकांनी फिरवली होती, तर उत्तर आलं की 'एकच काळ लॉक केलाय, पूर्ण चालू करायला टेस्टिंग लागतं'.

पैसे एकदम मागत नाहीत. आधी टोकन, मग बाँड पेपरवर करार, मग शास्त्रज्ञाचं विमानाचं तिकीट, मग रेडिएशनच्या सूटचं भाडं, आणि ऐन टेस्टिंगच्या दिवशी कोणाचातरी मोबाईल चालू राहिला म्हणून टेस्ट फेल, की परत पहिल्यापासून खर्च. २०१८ मध्ये दिल्लीत राईस पुलरच्या प्रकरणात एका बाप-लेकाला अटक झाली होती तिथेही हेच सूट वापरले होते. सरकारी संस्थेच्या लेटरहेडवरचं पत्र दाखवतील, ते तिथेच त्या संस्थेला फोन करून विचारा, नंबर पत्रावरचा घेऊ नका, स्वतः शोधा.

काकांना गप्प ठेवायला त्यांनी आधीच सांगून ठेवलं होतं की अँटिक वस्तू आहे, बोललात तर कस्टमवाले तुम्हालाच धरतील. तसं काहीच झालं नाही. पोलिसांनी फिर्यादी म्हणून जबाब घेतला, भारतीय न्याय संहितेच्या कलम ३१८ खाली फसवणुकीचा गुन्हा नोंदवला, नळी मुद्देमाल म्हणून जमा केली. पैसे ऑनलाइन गेले असतील तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा, जितका उशीर तितकी रक्कम पुढच्या खात्यांत पसरते आणि गोठवता येत नाही. चॅट डिलीट करू नका, बाँड पेपर फाडू नका, काकांनी रागाच्या भरात अर्धे मेसेज उडवले ते आता परत मिळवायला त्रास होतोय. आणि तुमच्याकडेही १८१८ कोरलेली नळी आली असेल तर तुमच्या पोलीस स्टेशनला जाऊन तक्रार द्या, आमचे तपास अधिकारी म्हणाले की एकाच पद्धतीच्या दोन-चार तक्रारी आल्या तर बँक खाती जुळवून बघता येतील.