हेलिश क्वार्ट: घाई केली की मान गेली

साताऱ्यात पोवई नाक्याजवळ माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. ते नऊला बंद करायचं, जेवायचं आणि साडेदहाला भाच्याबरोबर 'हेलिश क्वार्ट' लावून बसायचं, हा सध्याचा दिनक्रम. पोलंडच्या कुबोल्ड या छोट्या स्टुडिओचा हा तलवारबाजीचा गेम 2021 मध्ये स्टीमवर, म्हणजे कॉम्प्युटर गेमच्या ऑनलाइन दुकानात, अर्ली अ‍ॅक्सेसमध्ये, म्हणजे पूर्ण व्हायच्या आधीच विकायला आला. तेव्हापासून अपडेट येतायत, एकेक नवा लढवय्या वाढतोय.

यात हेल्थची पट्टीच नाही. मानेवर नीट घाव बसला की विषय संपला. पहिल्या दिवशी भाच्यानं सवयीनं बटणं बडवली आणि चार सेकंदांत आडवा. गंमत अशी, की आपण वार करत नसलो तर आपला गडी समोरचा वार आपोआप अडवतो. हात उचलला की ते कवच गेलं. म्हणून निम्मा वेळ दोघं नुसते एकमेकांभोवती फिरतो, तालमीतल्या पैलवानांसारखे. हालचाली खऱ्या तलवारबाजांवरून मोशन कॅप्चरनं, म्हणजे त्यांच्या अंगाची हालचाल रेकॉर्ड करून घेतल्यात. परवा दोघांची पाती एकदमच लागली, दोघंही पडले. "मामा, तुझा आधी पडला!" पैजेचे वडापाव शेवटी मीच आणले.

आता परफॉर्मन्स. माझा लॅपटॉप जुना, जीटीएक्स 1050 ग्राफिक्स कार्डवाला. सेकंदाला 60 फ्रेम, म्हणजे पडद्यावरची चित्रं, असल्या तर एक फ्रेम 16.7 मिलिसेकंद टिकते, 30 वर आलं की दुप्पट. गाड्यांच्या गेममध्ये मी हे चालवून घेतो. इथं तेवढ्यात पातं गळ्यापाशी आलेलं असतं. म्हणून सावल्या कमी, रिझोल्यूशन 1600 बाय 900, आणि अपडेट आलं की आधी एकट्यानं कॉम्प्युटरशी चार लढती. पण खरं सांगू? सगळ्यात मोठं अपडेट मीच केलं. लॅपटॉप उघडून पंख्यातली धूळ ब्लोअरनं उडवली, चिपची उष्णता बाहेर काढणारी थर्मल पेस्ट बदलली. तेव्हापासून ऐन वाराच्या वेळी अडकणं बंद.

दोघांनी एका स्क्रीनसमोर बसूनच खेळा. पुण्यातल्या मित्राबरोबर रिमोट प्लेवर, म्हणजे नेटवरून माझाच गेम त्याला दाखवून, खेळून बघितलं, पण आमच्या नेटनं माती केली.

गेम सतराव्या शतकातल्या पोलंडमधला, म्हणजे महाराजांच्याच काळातला. आपल्याकडं युरोपी पात्याच्या तलवारीला फिरंग म्हणायचे, हे भाच्याला सांगितलं. 2024 मध्ये साताऱ्याच्या संग्रहालयात वाघनखं बघायला त्याला घेऊन गेलो होतो, तेव्हापासून त्याचं एकच पालुपद: यात दांडपट्टा कधी येणार?