सेव्हन-झिप पोर्टेबल: आठ महिने पेनड्राइव्हवर बाळगल्यावर

पुण्यात अप्पा बळवंत चौकाजवळ माझं डीटीपीचं दुकान आहे. गिऱ्हाइकाचं पहिलं वाक्य ठरलेलं: “मागच्या वेळचीच पत्रिका काढा, फक्त नावं बदला.” ही मागची वेळ कधीकधी 2016 ची असते.

जुने जॉब मी वर्षावर्षाचे गठ्ठे बांधून, म्हणजे सगळ्या फाइली दाबून एकाच फाइलीत (आर्काइव्हमध्ये) घालून, हार्डडिस्कवर ठेवतो. पूर्वी एका पत्रिकेसाठी अख्खा गठ्ठा उलगडायचो. जागा संपायची, गिऱ्हाईक घड्याळ बघायचं. आता असे गठ्ठे बांधायचं-उघडायचं टूल, सेव्हन-झिप, पेनड्राइव्हवरून चालवतो. इन्स्टॉल करावं लागत नाही, त्यामुळे प्रेसवाल्यांच्या मशीनवरही चालतं. ते लोक काही इन्स्टॉल करू देत नाहीत.

गठ्ठा झिप प्रकारचा असेल तर मजा आहे. झिपमध्ये फाइलींची यादी शेवटी असते, टूल ती वाचून थेट हव्या त्या फाइलीवर जातं. 2018 ची पत्रिका काढली, तोवर समोरच्या काकूंचा चहाही संपला नव्हता. 2019 चा गठ्ठा मात्र मी जागा वाचवायला सेव्हन-झेड या दुसऱ्या प्रकारात, सॉलिड करून बांधला होता. यादी लगेच दिसली, पण फाइल बाहेर ओढली तर हिरवी पट्टी हलेचना. सॉलिडमध्ये सगळ्या फाइली सलग दाबलेल्या असतात. मधली एक हवी तर तिच्या आधीचं सगळं उलगडावं लागतं. टार-जीझेड प्रकारच्या गठ्ठ्यांचंही तेच. यात दोष टूलचा नाही, माझ्या कंजूषपणाचा.

दुसरी चूक महागात पडली असती. गठ्ठ्यातल्याच फाइलीवर डबल-क्लिक करून पेजमेकरमध्ये नावं बदलली. खरं तर ती टेंप फोल्डरमधली तात्पुरती प्रत असते. सेव्ह करून बंद केल्यावर “आर्काइव्हमध्ये बदल करू का?” असं विचारतं. हो म्हटलं, तर पूर्ण गठ्ठ्याची नवी प्रत लिहायला लागलं. वर गुरुवार, आमच्याकडे लाईट जायचा वार! लाईट जायच्या आत कॅन्सल केलं, नशीब. तेव्हापासून आधी डेस्कटॉपवर ओढायची, मगच उघडायची.

एक तक्रार आहेच: आत नावाने शोधायची सोय मला सापडली नाही. ‘फ्लॅट व्ह्यू’ लावला की सगळ्या फोल्डरांतल्या फाइली एकाच यादीत येतात, त्यावर भागवतो. काही जुन्या झिपांत देवनागरी नावांच्या जागी नुसती चिन्हं दिसतात, तिथे तारीख आणि साइज बघून अंदाज बांधायचा.

यंदापासून महिन्यामहिन्याची साधी झिप करतो आणि फाइलीला बिलबुकातला नंबर देतो. 2019 चा गठ्ठा दिवाळीच्या सुट्टीत उलगडून पुन्हा बांधायचाय.